विहिणीची मरणं

गॅस बंद करायला मी तिच्या अंगावरून ओलांडून गेले. कुकरची तिसरी शिट्टी झाली होती आणि ती ओट्यासमोर फरशीवर आडवी पडली होती. पडलेल्या माणसाला ओलांडू नये, हे मला कळायला लागल्यापासून माहीत आहे. तरी ओलांडलं. गॅस बंद केला, तशीच परत ओलांडून आले आणि टेबलाशी बसून उरलेली मेथी निवडायला लागले.

“उठा आता,” मी म्हटलं. “इथे कोणी बघायला नाही.”

ती उठली नाही.

ती म्हणजे माझी विहीण, माझ्या मुलीची सासू. वय ब्याण्णव. जर्मन बाई. तरुणपणी तिकडच्या सिनेमांत बारीकसारीक कामं करायची आणि त्यातली बरीच कामं मरायची असायची. ती मरणं ती आमच्या घरात अजून करून दाखवायची. त्या महिन्यातली ही चौथी वेळ. म्हणून मी मेथी निवडत बसले. ती खरोखर पडली असेल असं माझ्या मनातसुद्धा आलं नाही.

आमचा फ्लॅट फरीदाबादला, आठव्या मजल्यावर. मुलगी दिल्लीत सरकारी ऑफिसात जाते, जावई ओखल्याला, नात गुडगावला. कामवाली अकराला गेली की संध्याकाळपर्यंत घरात आम्ही दोघी. वीस वर्षं असंच चाललंय. दोन म्हाताऱ्या, एक टीव्ही, आणि दोघींना वेगवेगळं बघायचं असतं.

आमचं सुरुवातीपासून जमलं नाही. माझा नवरा कोपर्निकस मार्गावरच्या सरकारी अतिथीगृहात स्वयंपाकी होता. मागच्या क्वार्टरमध्ये आम्ही राहायचो. मी चौथी शिकलेली. मुलगी मात्र शिकली, फरीदाबादच्या एका कारखान्यात ट्रेनिंगला गेली आणि तिथे तिला हा मुलगा भेटला. त्याचे वडील पुण्याचे इंजिनिअर. शिकायला जर्मनीला गेले आणि येताना बायको घेऊन आले. ते बिचारे भले होते, लवकर गेले.

लग्न ठरवायला ती क्वार्टरवर आली तेव्हा खुर्चीवर स्वतःचा रुमाल पसरून बसली. म्हणाली, “स्वयंपाक्याची मुलगी आहे. माझा मुलगा उपाशी तर राहणार नाही.”

हे तिने स्वच्छ मराठीत सांगितलं. हिंदी तिला कधी धड आली नाही, पण मराठी ती सासूकडून शिकली होती, तीही पेठेतल्या सासूकडून. सिनेमातले संवाद पाठ करतात तशी तिने सासूची वाक्यं पाठ केली होती, टोमण्यांसकट. माझ्या नातीला खरकटं म्हणजे काय ते माहीत नाही. या बाईला माहीत होतं आणि ती मला बोट दाखवून सांगायची की इथे राहिलंय.

मी तिला म्हटलं होतं, “आमची मुलगी नोकरी करते. उपाशी राहिला तर तुम्ही घाला.”

लग्नात मुलीच्या आईने वरमाईचे पाय धुवायचे असतात. मी परात आणि तांब्या घेऊन खाली बसले. तिने पाय पुढे केला, पण पायमोजे काढले नाहीत. लांब, कातडीच्या रंगाचे मोजे. मी म्हटलं, काढा. ती म्हणाली, “चारचौघांत मी पाय उघडे करत नाही.” मग मी मोज्यांवरूनच पाणी ओतलं. बर्फासारखं गार पाणी, जानेवारीचं. तिने तोंड वाकडं केलं नाही. ओल्या मोज्यांनी तीन तास हसत उभी राहिली. तेव्हाच मला समजायला हवं होतं की ही बाई कशाची बनली आहे. मला फक्त राग आला.

पुढे माझा नवरा गेला, क्वार्टर सोडावं लागलं आणि मी मुलीकडे आले. मला दुसरं घर नव्हतं. तिला ते माहीत होतं.

तिच्या सिनेमाच्या गोष्टी मी वीस वर्षं ऐकल्या. ती मला सांगायची नाही, नातीला सांगायची. नात तिला ओमा म्हणते, तिकडे आजीला तसंच म्हणतात. मी आजी. ओमा टेबलाच्या त्या टोकाला बसून बोलायची आणि मी या टोकाला पोळ्या लाटायची. ऐकून ऐकून मला सगळं पाठ झालं.

तिकडची मोठी लढाई संपली तेव्हा ती बारा-तेरा वर्षांची होती. तिच्या शहरातली निम्मी घरं पडलेली. पुढे दोन-तीन वर्षांनी सिनेमावाले त्याच पडक्या विटांमध्ये शूटिंग करायला आले. पाण्यासाठी बादल्या घेऊन रांगेत उभ्या राहिलेल्या बायका त्यांना हव्या होत्या. ही खरीच बादली घेऊन खऱ्या रांगेत उभी होती. तिथून तिला उचललं. म्हणजे ती रोज जे करत होती तेच तिचं पहिलं काम.

मग वाक्यं मिळायला लागली. एक, दोन, कधी पाच. शेजारीण, नर्स, डॉक्टरची बहीण, आगगाडीत खोकणारी मुलगी. नाव नसायचंच. त्या काळातले तिकडचे सिनेमे सगळे रडके. कोणाचा नवरा लढाईवरून परत येत नाही. येतो, तर बायकोने दुसरं घर केलेलं असतं. अशा गोष्टीत सुरुवातीला कोणीतरी मरावं लागतं, म्हणजे मुख्य बाईला रडायला मिळतं. ते मरायचं काम हिचं. तापाने, खोकल्याने, भिंत पडून, एकदा नुसती वाट बघून. मी विचारलं, वाट बघून माणूस मरतो का? ती म्हणाली, “सिनेमात मरतो. तुमच्याकडे नाही मरत, दिसतंच आहे.”

मरायचेही नियम होते. चेहरा उजेडाकडे पडला पाहिजे. मुख्य बाईच्या आणि कॅमेऱ्याच्या मध्ये यायचं नाही. हात उताणा, बोटं किंचित वळलेली. आणि गुडघे दिसता कामा नयेत. गुडघे दिसले की सिनेमावाले तो प्रसंग पहिल्यापासून घ्यायचे आणि शिव्या हिला. म्हणून पडायच्या आधी ती डाव्या हाताने स्कर्ट चिमटीत पकडायची आणि पडता पडता खाली ओढून घ्यायची. “प्रेत नीटनेटकं असावं लागतं,” असं ती नातीला सांगायची.

थंडीत उघड्यावर मरायचं असलं की तोंडात बर्फाचा खडा ठेवायची. मेलेल्या बाईच्या तोंडातून वाफ निघून चालत नाही. नात लहान होती तेव्हा आमच्या डिसेंबरच्या धुक्यात बाल्कनीत दोघी फ्रीजमधला बर्फ तोंडात धरून मेल्यासारख्या बसायच्या. पोरीचा घसा धरला की काढा मी करायची.

एकदा जेवणाचा प्रसंग होता. खरे उकडलेले बटाटे ठेवले होते, आणि तेव्हा तिकडे लोक अर्धपोटी. मुख्य बाई वाक्य चुकली की पुन्हा सगळ्यांच्या ताटात गरम बटाटे. ती चार वेळा चुकली. विहीण म्हणायची, “इतकी चांगली नटी मी दुसरी पाहिली नाही.” हे सांगताना ती खरीखुरी हसायची. मलाही एकदा हसू आलं होतं. मी पोळी उलटायच्या निमित्ताने पाठ वळवली.

तिशी आली आणि काम संपलं. रंगीत सिनेमे आले, डोंगर, गाणी, गुबगुबीत पोरी. मरणाऱ्या बायका कोणाला नको झाल्या. पण ती तसं सांगायची नाही. ती सांगायची, पुढच्या वर्षी मला मोठं काम मिळणार होतं, ते मी या देशासाठी सोडलं. मी एकदा विचारलं, “कोण देणार होतं? माणसाचं नाव सांगा.” ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. चांगले गेले ते दोन दिवस.

मग नातीने तिचा एक सिनेमा शोधून काढला. कुठे कुठे मेल केले, आणि कस्तुरबा गांधी मार्गावरच्या एका हॉलमध्ये तो दाखवायचं ठरलं. विहिणीने केस कापून घेतले. राखाडी रेशमी गाऊन काढला, त्याला नवीन बटणं लावून घेतली. माझ्याकडूनच.

पहिल्या रांगेत तिच्या शेजारी मी. सिनेमा काळा-पांढरा, खाली इंग्रजी अक्षरं. मला दोन्ही समजत नव्हतं, पण गोष्ट समजत होती. ती तीनदा आली. एकदा जिन्यात, एकदा दवाखान्यात, आणि मग स्टेशनवरच्या बाकावर मेली. नातीने मोबाईलवर मोजलं, साडेसहा मिनिटं.

ती मेली तेव्हा चेहरा हळूच दिव्याकडे वळला आणि मला खरंच वाटलं, गेली ही पोर. माझा हात तोंडावर गेला होता. हे मी तिला कधी सांगितलेलं नाही.

त्यानंतर सिनेमा तास-दीड तास चालला आणि त्या मेलेल्या मुलीचं नावही कोणी काढलं नाही. दिवे लागले. टाळ्या सुरू व्हायच्या आधी एक क्षण सगळं शांत असतं, त्या क्षणात मी म्हटलं, “एवढंच?”

मोठ्याने म्हटलं. मुद्दाम म्हटलं की नाही, ते आता सांगता येणार नाही. हॉलमध्ये मराठी समजणारे आम्ही घरचेच होतो. पण तिला समजलं.

मग एका पोराने माइक घेऊन तिला विचारलं की इतकं खरं मरण कसं करायचा. ती उठली. काठी माझ्या हातात दिली, नोकराला देतात तशी. आणि ब्याण्णव्या वर्षी, डाव्या हातात गाऊनची चिमूट धरून, गालिच्यावर अलगद मेली. चेहरा लोकांकडे. हॉल उभा राहून टाळ्या वाजवत होता. मी काठी धरून बसले होते.

गाडीत ती म्हणाली, “विहीणबाई, तुमच्याकडे आयुष्यात साडेसहा मिनिटं तरी कोणी बघितलंय का?”

“लोक जेवत होते,” मी म्हटलं. “बघायला वेळ नव्हता.”

“जेवताना तरी ताटाकडेच बघायचे.”

“मग काय तुमच्यासारखं मरून दाखवायचं होतं?”

पुढच्या सीटवरून नात ओरडली, “अरे यार, दोघी चूप बसा ना! बिल्कुल बच्चों जैसी हो.”

त्या दिवसापासून तिला मरायचा नाद लागला. शेजारच्या बायका आल्या, त्यांच्यासमोर सोफ्यावरून खाली मेली. बायका म्हणाल्या, वाह आंटीजी. जावयाचे मित्र जेवायला आले, त्यांच्यासमोर मेली. जावई म्हणाला, आई, हाड मोडेल. पण त्यालाही आवडलं होतं.

तिसऱ्यांदा घरात मी एकटी होते. ती पॅसेजमध्ये पडली. मी धावले. माझे गुडघे दुखतात, तरी खाली बसले, तिचे गाल थोपटले, ओरडले, “विहीणबाई! अहो, विहीणबाई!” माझा आवाज फाटला होता. तिने एक डोळा उघडला.

“एवढंच?” ती म्हणाली.

मग ती भिंतीला धरून उठली आणि टीव्ही लावला. मला उठायला पाच मिनिटं लागली. मी तेव्हाच ठरवलं की पुन्हा ही पडली तर मी वळून बघणार नाही.

आठवड्याने ती खरी पडली.

अकराला कामवाली गेली, मी दार लावलं, तुरीच्या डाळीचा कुकर चढवला आणि मेथी घेऊन बसले. ती पाणी प्यायला आत आली. माझ्याकडे बघून म्हणाली, “मेथी निवडताय की लग्नाला मुली?” पाठीमागे पेला खाली पडल्याचा आवाज झाला, मग तिचा. मी बघितलं नाही. शिट्ट्या झाल्या, तीन. गॅस बंद करायला जाताना आणि येताना मी तिला ओलांडलं, पण खाली बघितलं नाही. बघायचं नाही असं ठरवलेलंच होतं.

सगळी जुडी संपली. काड्या टाकायला उठले तेव्हा तिचे गुडघे दिसले.

गाऊन मांडीपर्यंत वर गेला होता. दोन्ही गुडघे उघडे, पांढरे, निळ्या शिरांचे. चेहरा ओट्याखाली, सिलिंडरच्या बाजूला, अंधारात. तीस वर्षांत मी तिचे गुडघे पाहिले नव्हते. तिने मला मोज्यांवरून पाय धुवायला लावले होते.

मी आधी गाऊन खाली ओढला. मग इंटरकॉम उचलला.

गार्डनी तिला प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून, ओढणीने बांधून लिफ्टने खाली नेलं. तिचं तोंड एका बाजूला ओघळलं होतं. डोळे उघडे होते आणि ते माझ्यावर होते. खालच्या मजल्यावरच्या शेजाऱ्याने गाडी काढली. आम्ही दवाखान्यात पोहोचलो तोवर जावईही पोहोचला.

डॉक्टर तरुण मुलगी होती. तिने डोक्याचा फोटो काढायला पाठवलं आणि आमच्याकडे वळली. “माताजी, आप साथ में थीं? ठीक-ठीक बताइए, कितने बजे गिरीं?”

जावई माझ्याकडे बघत होता.

डॉक्टरने समजावलं. मेंदूतली रक्ताची गाठ विरघळवायचं इंजेक्शन आहे, पण ते ठरलेल्या वेळेच्या आतच द्यायचं असतं. वेळ चुकीची सांगितली तर डोक्यात रक्तस्राव होऊन माणूस जातो. वेळ माहीतच नसेल तर देता येत नाही. “अंदाज़ा नहीं चाहिए. सही समय चाहिए.”

आत्ताच पडली, असं सांगणं सोपं होतं. पाहिलं नाही, मी बाथरूममध्ये होते, असं सांगणं त्याहून सोपं. माझं सगळं राहणं त्या जावयाच्या घरात. मी तीसुद्धा गणितं केली, नाही असं नाही.

मग सांगितलं. “अकराला कामवाली गेली. तेव्हा मी घड्याळ बघितलं. लगेच कुकर चढवला. पहिली शिट्टी व्हायच्या आधी पडली, म्हणजे सव्वाअकराच्या आत. फोन केला तेव्हा बारा वाजायला दहा कमी होते.”

डॉक्टर लिहीत होती. जावई म्हणाला, “आई, मधली पस्तीस मिनिटं तुम्ही कुठे होता?”

“तिथेच. मेथी निवडत होते.”

“ती पडलेली होती आणि तुम्ही मेथी...”

“हो. गॅस बंद करायला दोनदा ओलांडलंसुद्धा.”

तो माझ्यापासून दोन पावलं मागे सरकला. जणू मी अंगावर काही सांडलं होतं. डॉक्टर म्हणाली, “टाइम के अंदर हैं,” आणि पळत आत गेली.

मुलगी दुपारी आली. तिला सगळं कळलं होतं. कँटीनच्या बाहेर मला धरून म्हणाली, “आई, वेळ विचारली होती ना फक्त? वेळ सांगायचीस. ओलांडल्याचं कशाला सांगितलंस?”

“घडलं ते सांगितलं.”

“तुला कुठे काय बोलावं कधी कळणार?”

मी म्हटलं, “ऐंशी झाली. आता नाही कळणार.”

जावई बारा दिवस माझ्याशी बोलला नाही. माझ्या समोरच्या खुर्चीत बसायचा नाही, माझ्या हातचं पाणी घ्यायचा नाही. मी माझ्या दोन पेट्या भरून पलंगाखाली ठेवल्या होत्या. कुठे जायचं ते ठरलं नव्हतं. गावाकडे पुतण्या आहे, त्याच्या घरात जागा नाही. पण भरून ठेवल्या होत्या, कारण सांगतील तेव्हा धावपळ नको.

तेराव्या दिवशी तिला घरी आणलं. उजवा हात, उजवा पाय गेलेला. बोलणं गेलेलं. जर्मन, मराठी, सासूची सगळी वाक्यं, सगळं. तिच्यासाठी दिवसभराची एक बाई ठेवली. विहीण तिच्या हातचं खाईना. चमचा तोंडात गेला की थुंकायची. दुपारी दुसरी बाई आणली, तिच्यावरही थुंकली. संध्याकाळी जावई भरवायला बसला, पण त्याच्या डोळ्यांत पाणी यायचं. रडत रडत भरवलं की माणसाला ठसका लागतो.

मी त्याच्या हातातून वाटी घेतली. मऊ भात, वरण. पहिला घास तिने माझ्यावरही थुंकला, थेट पदरावर. मी पुसलं आणि परत भरवला. तोही थुंकला. तिसरा गिळला. मग तिने डावा हात चादरीतून बाहेर काढला आणि दोन बोटं वर केली. माझ्या तोंडासमोर.

जावई पुढे झाला. “आई, काय? दोन काय? दोन घास हवेत?”

ती त्याच्याकडे बघेचना. दोन बोटं तशीच, माझ्याकडे.

“मी तिला दोनदा ओलांडलं, ते सांगतेय,” मी म्हटलं. “तिला सगळं समजत होतं तेव्हा.” आणि तिला म्हटलं, “हो. दोनदा. आता तोंड उघडा.”

जावयाने चादरीवर सांडलेलं वरण पुसलं. मग म्हणाला, “आई, सकाळचंही तुम्हीच भरवाल का?” बारा दिवसांनंतरचं ते पहिलं वाक्य. मी पेट्या मोकळ्या केल्या.

नात म्हणते, ओमाने तुला माफ केलं. पोरीला काही कळत नाही. रोज दोन वेळा जेवण, रोज दोन वेळा ती दोन बोटं. एक दिवस विसरली नाही. भात घट्ट झाला तर थुंकते, पातळ झाला तर थुंकते. मेथीची भाजी वाटून दिली तर वाटीच उडवते. मीही मुद्दाम देते आठवड्यातून एकदा. गाऊन वर सरकला तर डाव्या हाताने चिमूट धरून स्वतःच खाली ओढते, अगदी झोपेतसुद्धा. तिथे मी हात लावत नाही.

या गोष्टीला सात महिने झाले. ती आता त्र्याण्णव वर्षांची आहे, मी ऐंशीची. ती जगली. मीही.